शेवटचं सेमिस्टर, आणि 'पुढं काय?' याचं माझं स्वतःचं उत्तर

भोगावतीकाठची
नमस्कार. इथं बराच काळ नुसती वाचते आहे, धागा पहिल्यांदाच काढतेय. जरा लांबलंय, सांभाळून घ्या.

मी कोल्हापुरात बीएस्सीच्या शेवटच्या वर्षाला आहे, विषय रसायनशास्त्र. गाव भोगावतीच्या खोऱ्यात. राहते मुलींच्या वसतिगृहात, सुट्टीला घरी जाते. घरी थोडी शेती, सगळा ऊसच, दोन म्हशी. धाकटा भाऊ बारावीला.

मे महिन्यात परीक्षा संपेल. सध्या भेटेल तो एकच विचारतो, "पुढं काय?" आणि समोर कोण आहे ते बघून माझ्या तोंडून उत्तर निघतं. आत्याला सांगते बीएड. आबांच्या मित्रांना सांगते एमपीएससी. मैत्रिणींना सांगते पुण्याला जाऊन क्वालिटी कंट्रोलची नोकरी बघणार. तिन्ही उत्तरांवर माणसं समाधानानं मान डोलावतात, पण त्यातलं एकही माझं नाही. लहानपणापासून मी घरची गुणी पोरगी. हॉटेलात गेलो तरी "तुम्ही घ्याल ते" म्हणणारी.

यंदा प्रकल्पासाठी आमच्या गटानं वेगवेगळ्या गुऱ्हाळांतून गुळाचे नमुने आणून ओलावा, सामू आणि सल्फर डायऑक्साइड तपासायचं ठरवलं. नमुने आणायचं काम माझ्याकडं आलं, कारण मी गावाकडची. गुऱ्हाळ मी जन्मापासून बघतेय, पण ते काकवी प्यायला आणि गरम गूळ खायला. या वेळी वही आणि थर्मामीटर घेऊन रस उकळायच्या काहिलीच्या कडेला उभी राहिले. चुन्याची निवळी पडली होती, भेंडीचं पाणी घालून मळी काढून झाली होती, चुलवाणात चिपाड पडत होतं आणि रस फुगून वर येत होता. गूळ करणारे गुळव्या मामा एक शब्द बोलत नव्हते. मध्येच त्यांनी थोडा पाक गार पाण्यात सोडला, बोटांनी त्याची गोळी वळली आणि भांड्याच्या काठावर आपटली. टण् आवाज आला. "उतरा," म्हणाले. माझ्या थर्मामीटरवर ११८ अंश. पुढच्या काहिलीला मी आकडा कुणाला दाखवलाच नाही. पुन्हा त्यांनी "उतरा" म्हटलं, तेव्हा पारा त्याच जागी होता.

त्या रात्री वसतिगृहात मला झोप लागेना. त्यांच्या कानाला जे कळतं ते रसायनात कसं लिहायचं? प्रत्येक रानातल्या उसाला तोच आकडा लागू पडेल का? तीन वर्षांत कुठल्याच विषयानं मला असं जागं ठेवलं नव्हतं. तेव्हा कळलं की मला नुसत्या प्रयोगशाळेत बसायचं नाही आणि नुसतं गावातही राहायचं नाही. या दोन्हींच्या मधलं काहीतरी करायचंय.

आणि त्याच आठवड्यात घरी स्थळ आलं. मुलगा चांगला आहे, पुण्यात कंपनीत आहे. घरचे म्हणतात, बघून तर घेऊ.

मला विचारायचंय ते हे. तुम्हाला स्वतःचं असं कधी कळलं? घरी कसं सांगितलंत? आणि एवढ्याशा अनुभवावर पुढची वर्षं लावणं शहाणपणाचं आहे का?

तांबडा_पांढरा
स्वागत! पहिल्याच धाग्यात गरम गुळाचा वास आणलास, आता दुपारी ऑफिसात बसवत नाही. सविस्तर नंतर लिहितो, आधी गुऱ्हाळ कुठलं ते सांग.

उद्यमनगरकर
स्पष्ट बोलतो, राग मानू नकोस. एका प्रकल्पावरून आयुष्य ठरवू नये. मी गेली कित्येक वर्षं मशीन शॉप चालवतोय, दरवर्षी नवी पोरं येतात. पहिल्या महिन्यात सगळ्यांनाच काम आवडतं. सहाव्या महिन्यात कळतं कोणाला खरंच आवडतंय.

दुसरं म्हणजे गुऱ्हाळं कमी होत चालली आहेत. ऊस कारखान्याला जातो, मजूर मिळत नाही, गुळव्यांची पोरं गुळव्या व्हायला तयार नाहीत. त्यात शिकून पोटाला काय मिळणार? शिरोली, गोकुळ शिरगाव, कागल पंचतारांकित वसाहत, कुठंही लॅबमध्ये केमिस्ट म्हणून लाग. स्वतःचा शोध पगार हातात असतानाही घेता येतो. किंबहुना तेव्हाच नीट घेता येतो, कारण मग कुणाला विचारावं लागत नाही.

शुक्रवारपेठेतली_मावशी
अगं बाळा, केवढं छान लिहिलंस. मी तर दोनदा वाचलो.

उद्यमनगरकर, तुमचं म्हणणं खरं असंल, पण पोरीनं विचारलंय काय आणि तुम्ही सांगताय काय. ती म्हणतीय मला आत्ता कुठं माझं असं काही कळलं. त्याचं आधी कौतुक तर करा की. आमच्या वेळी कुणी विचारलंच नाही आम्हाला काय आवडतंय म्हणून. दहावी झाली, तांदूळ पडले, संपलं. वाईट काय झालं नाही, नवरा देवमाणूस मिळाला. पण मला गाणं येत होतं हे मलाच सुनेनं सांगितलं.

पुन्हा_कोल्हापूर
यावर मला लिहायलाच हवं.

मी इथूनच इंजिनिअर झाले आणि पुण्याला गेले. त्या वेळी मला काय आवडतं वगैरे विचारच नव्हता. वडिलांवर कर्ज होतं, भावाचं शिक्षण व्हायचं होतं. त्या पगारातून दोन्ही झालं आणि त्याचा मला आजही अभिमान आहे. तेव्हा उद्यमनगरकर म्हणतात ते मी जगले आहे.

पण त्यातली एक गोष्ट कुणी सांगत नाही. पगार सुरू झाला की त्याच्याभोवती घर उभं राहतं. हप्ता, भाडं, घरी पाठवायचे पैसे, मग लग्न, मग मूल. तिशी ओलांडल्यावर मला कळलं की मला शिकवायला आवडतं. टीममध्ये नव्यानं आलेल्या मुलांना समजावून सांगताना माझा दिवस कसा जायचा ते कळायचं नाही. नोकरी सोडून इथं परत यायला त्यापुढं बरीच वर्षं गेली, कारण तोवर माझ्या पगारावर चार माणसांचा हिशेब बसलेला होता. आता राजारामपुरीत क्लास घेते, पैसे कमी मिळतात, सकाळी उठायचा कंटाळा येत नाही.

तुला हे एकविसाव्या वर्षी कळलंय. तुझ्यावर अजून कुणाचा हप्ता नाही. घरची अडचण तितकी तातडीची नसेल तर ही दोन वर्षं तुझी आहेत, ती घे. घरी खरंच पैशाची ओढ असेल तर मात्र आधी नोकरी, आणि त्यात कमीपणा काही नाही. हा हिशेब आबांना सरळ विचार. मुलींना घरचं कर्ज किती आहे हे बहुतेक वेळा माहीतच नसतं, आणि आपण अंदाजानंच त्याग करत बसतो.

भोगावतीकाठची
सगळ्यांचे आभार. मावशी, गाणं सोडू नका.

उद्यमनगरकर काका, राग कशाचा, मी स्वतःला हेच विचारतेय. म्हणून अजून एक गोष्ट सांगते, जी पहिल्या पोस्टमध्ये लिहायचं धाडस झालं नव्हतं.

नमुने तपासताना एका गुऱ्हाळाच्या गुळात सल्फर डायऑक्साइड मर्यादेच्या वर निघाला. मर्यादा दहा लाखांत ७० भाग, आणि हा बराच वर होता. आयोडीनचं टायट्रेशन मी पुन्हा करून बघितलं, तोच आकडा. गटातल्या सगळ्यांचं म्हणणं पडलं की तो नमुना अहवालातून काढून टाकू, उगाच कशाला वाद, माणसं ओळखीची आहेत. मी नाही म्हणाले. मी! गुऱ्हाळाचं नाव घालायचं नाही हे मलाही मान्य होतं, पण आकडा काढायचा नाही. दोन दिवस कुणी माझ्याशी धड बोललं नाही, आणि मला त्याचं वाईट वाटलं तरी मी हटले नाही. आकडा राहिला.

मग मी त्या गुऱ्हाळमालकांना स्वतः जाऊन सांगितलं. आधी ते भडकले, "शिकलेल्या पोरींना आता आम्हाला गूळ शिकवायचा?" थोड्या वेळानं चहा आला आणि त्यांनी विचारलं, "मग किती घालायचं ते तरी सांग." ते मला सांगता आलं नाही. तेवढं ज्ञान माझ्याकडं नव्हतं. मला शिकायचंय ते त्या प्रश्नाचं उत्तर द्यायला.

गुऱ्हाळवाला_करवीर
धागा मुलाने दाखवला. आमचं गुऱ्हाळ आहे, तिसरी पिढी.

पोरी, ते मालक भडकले ते का, सांगतो. हायड्रॉस, म्हणजे गुळाचा रंग उजळायची सल्फरची पावडर, कुणी हौसेनं घालत नाही. गूळ मार्केट यार्डात सौद्याला लावला की व्यापारी आधी रंग बघतो, मग कडकपणा, चव शेवटी. आपला बराच माल गुजरातला जातो आणि तिकडं पिवळाधमक रवा, म्हणजे गुळाची ढेप, लागतो. रानाला नत्र जास्त झालं, ऊस लोळला, तोडल्यावर दोन दिवस वाळत पडला, की गूळ काळपट येतो. तो काळपट रवा क्विंटलमागं कमी भावानं जातो आणि वर्षाचं गणित बिघडतं. मग माणूस चिमूटभर पावडर टाकतो, आणि चिमूट कुणाची किती मोठी ते कुणी मोजत नाही.

आम्ही काही काहिली बिनरसायनाच्या काढतो. को ९२००५ जातीचा ऊस, ताजा तोडलेला, भेंडी भरपूर, मळी शेवटपर्यंत काढायची. रंग बरा येतो. पण त्याला गिऱ्हाईक आम्हालाच शोधावं लागतं, पुण्या-मुंबईला कुरिअरनं जातो.

आणि उद्यमनगरकर साहेब, गुऱ्हाळं बंद पडतात हे खरं. पण ज्यांची टिकली आहेत त्यांना मोजून सांगणारं माणूस पाहिजे आहे. आमच्याकडं कारखान्यासारखा केमिस्ट नसतो. गुळव्या असतो, आणि तो म्हातारा झालाय.

तांबडा_पांढरा
काळा गूळ चांगला की पिवळा, यावर घरात आई विरुद्ध बायको असा सामना कायम असतो. गुऱ्हाळवाले काका, आज तुमचा प्रतिसाद जेवताना मोठ्यानं वाचून दाखवला. आई जिंकली.

मंगळवारपेठ_फॉरवर्ड
काळा गूळ म्हणजे शंभर टक्के चांगला असंही नाही ना पण? करपलेला पण काळाच असतो.

गुऱ्हाळवाला_करवीर
बरोबर. करपलेला, जुना, पाणी सुटलेला, सगळे काळेच. फोडून बघायचा. आत दाणा दिसला पाहिजे आणि जिभेवर खारट लागला नाही पाहिजे.

साधा_माणूस_७७
मुलीनं एकटीनं गुऱ्हाळावर, कामगारांच्यात फिरायचं हे मला पटत नाही. वेळ-काळ बघावा. स्थळ चांगलं असेल तर लग्न करून पुढं शिकता येतं, आजकाल सासरचे शिकवतात.

करवीरकन्या
साधा माणूस, त्याच गुऱ्हाळावर बायका कामाला असतात. चिपाड वाळवायला, ऊस ओढायला, गूळ बांधायला. त्यांच्याबद्दल कुणाला काळजी वाटलेली मी कधी वाचली नाही. हातात झाडू असलेली बाई चालते, वही असलेली खटकते, असं का?

आणि "लग्न करून शिकता येतं" हे म्हणायला सोपं आहे. माझ्या वर्गातल्या ज्या मैत्रिणींना हा शब्द मिळाला होता, त्यांच्यातली शिक्षण पूर्ण केलेली मला एकच आठवते. तिच्या सासूबाई स्वतः शिक्षिका होत्या.

भोगावतीकाठची
ताई, बरं झालं तुम्ही हे लिहिलंत. गूळ बांधणाऱ्या मावशींनीच मला सगळ्यात जास्त प्रश्न विचारले होते. बाटलीत काय आहे, रंग का गेला, हे आमच्या पोरांना खायला द्यायचं का. मी उत्तर देत बसले आणि आमच्या गावची शेवटची एसटी चुकली, मग त्यातल्याच एका मावशींच्या घरी राहिले. साधा माणूस, त्या रात्री माझी काळजी त्यांनीच घेतली.

निवृत्त_मास्तर
चर्चा चांगली चालली आहे. वय झालं असलं तरी चार शब्द लिहितो.

ही पोर ज्या शहरात वसतिगृहात राहून शिकते आहे, त्या शहराला ते वळण शाहू महाराजांनी लावलं. १९०१ साली व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग निघालं, मागोमाग जैन, लिंगायत, मुस्लिम अशी एकेक बोर्डिंगं उभी राहिली. खेड्यातलं पोर शहरात टिकलं ते त्या छपराखाली. मुलींच्या बाबतीतही महाराज मागं नव्हते. संस्थानातल्या मुलींच्या शाळांवर त्यांनी रखमाबाई केळवकरांना अधिकारी नेमलं. त्यांच्या कन्या कृष्णाबाई डॉक्टर झाल्या. आणि १९१८ साली धाकटे राजपुत्र शिवाजी अपघातात गेले, तेव्हा कोवळ्या वयात विधवा झालेल्या सूनबाई इंदुमतीदेवींना महाराजांनी सोनतळीला ठेवून शिकवायला सुरुवात केली. राजवाड्यातून विरोध होता. तो त्यांनी मानला नाही.

मी खेड्यातल्या शाळेत आयुष्यभर शिकवलं. हुशार मुली मी पुष्कळ पाहिल्या. स्वतःचा प्रश्न स्वतःला पडलेल्या फार थोड्या. बाळ, तुला प्रश्न पडला आहे. तू शीक.

करवीरकन्या
मास्तर, तुमच्याबद्दल आदर आहे, आणि महाराजांचं ऋण कोण नाकारेल. पण एक खटकतं. इंदुमतीदेवींच्या पाठीशी राजा उभा होता. या मुलीच्या पाठीशी कोण आहे? घरातली पहिली पदवीधर मुलगी असली की तिच्या मागं उभं राहायला घरात कुणाला अनुभवच नसतो. आई-वडील वाईट नसतात, त्यांनी हा रस्ता पाहिलेलाच नसतो. मीही तशीच होते. मला फॉर्म कुठं मिळतो इथपासून माहीत नव्हतं. म्हणून मला वाटतं, प्रेरणेपेक्षा तिला आत्ता माहिती द्या. कुठला कोर्स, किती फी, पुढं कोणतं काम.

निवृत्त_मास्तर
अगदी मान्य. माहिती असलेल्यांनी पुढं यावं.

अभ्यासिकेतला
मी पुढं येतो. एमपीएससीचा अभ्यास करतोय, त्यामुळे हे नियम पाठ आहेत.

ताई, तू आत्याला नाही पण आबांच्या मित्रांना जे सांगतेस त्यातच तुझ्या कामाची एक गोष्ट आहे. अन्न सुरक्षा अधिकारी हे पद. अन्नाचे नमुने घेणं, कायद्यातल्या मर्यादा पाळल्या जातात का बघणं, हेच त्याचं काम. पण नुसत्या बीएस्सी केमिस्ट्रीवर ते मिळत नाही. अन्न तंत्रज्ञान, दुग्ध तंत्रज्ञान, जैवतंत्रज्ञान, सूक्ष्मजीवशास्त्र, जीवरसायन, कृषी अशांतली पदवी लागते. रसायनशास्त्र असेल तर पदव्युत्तर पदवी लागते. म्हणजे तुला एमएस्सी करावीच लागेल. हे आत्ता कळलेलं बरं, आमच्या अभ्यासिकेत एकाला जाहिरात आल्यावर कळलं.

नव्या शैक्षणिक धोरणात चौथं, ऑनर्सचं वर्षही करता येतं. तुझ्या कॉलेजात ती सोय आहे का आणि तो रस्ता तुला सोयीचा आहे का, हे विभागप्रमुखांना विचार.

दुधगंगेचं_पाणी
मी अन्न तंत्रज्ञानातली आहे, म्हणून थोडी भर.

म्हैसूरला सीएफटीआरआय आहे, १९५० पासूनची केंद्र सरकारची अन्न संशोधन संस्था. तिथं अन्न तंत्रज्ञानात एमएस्सी करता येते. प्रवेश अवघड आहे, पात्रतेच्या अटी त्यांच्या संकेतस्थळावर नीट वाच. पण त्याच्या आधी तुझ्या पायाखालचं बघ. कोल्हापुरातच प्रादेशिक ऊस व गूळ संशोधन केंद्र आहे, राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचं. तिथं जाऊन कुणाशी बोललीस का? तू जो प्रश्न घेऊन झोपली नाहीस, त्यावर तिथं माणसं आयुष्यभर काम करतात.

फीबद्दल. राज्यात २०२४ पासून घरचं वार्षिक उत्पन्न ८ लाखांच्या आत असेल तर ईडब्ल्यूएस, एसईबीसी आणि ओबीसी मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचं शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क माफ आहे. तू घेशील तो अभ्यासक्रम त्या यादीत बसतो का, हे प्रवेशाच्या आधी विद्यापीठात विचारून घे. उत्पन्नाचा दाखला आत्ताच काढायला टाक, जूनमध्ये तहसीलमध्ये पाय ठेवायला जागा नसते.

उद्यमनगरकर
दुसरी पोस्ट वाचली, तो सल्फरचा आकडा न काढल्याची. आमच्या धंद्यातही हेच असतं. कास्टिंगच्या तपासणीत खोट निघाली की चार माणसं सांगतात, जाऊ दे, पुढच्या वेळी बघू. जो इन्स्पेक्टर जाऊ देत नाही तोच मला लागतो, आणि असा माणूस शोधून सापडत नाही.

नोकरी आधी हे माझं मत अजून तेच आहे. पण ही पोरगी नुसत्या हौसेनं बोलत नाही, एवढं मला कळलं. शिक्षण झाल्यावर नोकरी लागेल का याची काळजी मी तरी आता करणार नाही.

शुक्रवारपेठेतली_मावशी
बघा, आले की नाही ताळ्यावर!

लेकीची_आई
मी स्थळाच्या मुद्द्यावर लिहिते, तो सगळ्यांनी बाजूला ठेवलाय.

माझी मुलगी तुझ्याहून जरा मोठी. तिनं मला एकदा असंच सांगितलं, "आई, मला वेळ पाहिजे, मी स्वतःला शोधतेय." खरं सांगते, माझ्या पोटात गोळा आला. आईला 'शोधतेय' म्हटलं की ऐकू येतं, पोरगी भरकटली. काही दिवसांनी तिनं तेच वेगळं सांगितलं. अमुक कोर्स, दोन वर्षं, एवढी फी, राहायला इथं, त्यानंतर अशी नोकरी मिळते, तेव्हा माझं वय इतकं असेल, मग लग्नाचं बोलू. मी त्या रात्री शांत झोपले. गोष्ट तीच होती.

तेव्हा घरी गुळव्या मामांची गोष्ट सांग, जरूर सांग, पण त्याबरोबर कागदावर लिहून ने. आणि आई-आबांना एकत्र सांग. एकट्या आबांना आधी सांगितलंस तर आई दुखावेल.

मंगळवारपेठ_फॉरवर्ड
स्थळ बघायला काय हरकत आहे पण? पोरगा चांगला निघाला तर त्यालाच सांगायचं, दोन वर्षं थांब. थांबणारा असेल तर थांबेल.

करवीरकन्या
हरकत अशी की 'बघून घेऊ' कधी बघण्यावर थांबत नाही. पोहे झाले की दोन्हीकडचे नातेवाईक बोलायला लागतात, मग नाही म्हणणं म्हणजे कुणाचा तरी अपमान होतो. नको असेल तर बघण्याच्या आधीच नको म्हणावं. मुलाचाही वेळ वाचतो.

पुन्हा_कोल्हापूर
करवीरकन्येशी सहमत. आणि भोगावतीकाठची, तू मघाशी लिहिलंस की हॉटेलात "तुम्ही घ्याल ते" म्हणतेस. आजपासून ते बंद. पुढच्या वेळी मिसळ खायला गेलीस की सगळ्यात आधी तू सांगायचं. हा गृहपाठ.

तांबडा_पांढरा
आणि कट जास्त मागायचा. हाही गृहपाठातच.

भोगावतीकाठची
बरेच दिवसांनी लिहितेय. प्रात्यक्षिक परीक्षा होती, आणि मध्ये घरी जाऊन आले.

गृहपाठ झाला. कट जास्त मागितला, मैत्रिणी बघतच राहिल्या.

लेकीची आई, तुम्ही सांगितलं तसं कागदावर लिहून नेलं. एमएस्सी, दोन वर्षं, फी, वसतिगृह, पुढं कोणती पदं. संध्याकाळी धारा काढून झाल्यावर दोघांना एकत्र बसवून सांगितलं. मला वाटलं होतं आबा चिडतील आणि आई बाजू घेईल. झालं उलटं. आबांनी कागद वाचला आणि विचारलं, "त्या गुऱ्हाळाचं पुढं काय केलंस? सांगितलंस का त्यांना किती घालायचं?" म्हटलं, अजून नाही, त्यासाठीच शिकायचंय. ते गप्प बसले आणि मग म्हणाले, "शीक."

आई मात्र रागावली, आणि तिचा राग मला आजवर कळलाच नव्हता. ती म्हणाली, "बीएड करणार म्हणालीस म्हणून आत्यानं कॉलेजात चौकशी केली. एमपीएससी म्हणालीस म्हणून आबांनी पुस्तकं आणली. आम्ही काय तुझ्या मनाविरुद्ध करत होतो? आजवर कधी काही मागितलंस का तू? मग आम्हाला कळणार कसं?" मला उत्तर आलं नाही. मी आजवर गुणी राहिले ते त्यांच्यासाठी असं समजत होते, आणि तिला वाटत होतं मी तिला काही सांगण्याच्या लायकीची समजत नाही. त्या रात्री आम्ही दोघी उशिरापर्यंत बोललो. तिला शाळेत गणित आवडायचं हे मला पहिल्यांदा कळलं.

स्थळाला आबांनी निरोप दिला की पोरगी शिकणार आहे, दोन वर्षं विषय नाही. त्यांच्याकडून अजून काही आलेलं नाही. बीएडची सीईटी मात्र द्यायची, हा आईचा शब्द, तो मी मानलाय. हाताशी एक असावं म्हणते, आणि तिचं चूक नाही.

दुधगंगेचं पाणी, तुम्ही म्हणालात तशी गूळ संशोधन केंद्रात जाऊन आले. तिथल्या एका मॅडमनी माझी आकड्यांची वही पूर्ण वाचली. रसायन कमी करून रंग राखायचा तर उसापासून सुरुवात करावी लागते, म्हणाल्या, काहिलीपाशी आल्यावर उशीर झालेला असतो. म्हणजे गुऱ्हाळवाले काका तुम्ही जे लिहिलं होतं, तेच. आता विद्यापीठाच्या एमएस्सी प्रवेश परीक्षेचा अभ्यास सुरू केलाय. म्हैसूरच्या अटी वाचल्या, त्यांचं या वर्षी जमेल असं दिसत नाही.

काका, एक विचारायचं होतं. दसऱ्यानंतर हंगाम सुरू झाला की तुमच्या बिनरसायनाच्या काहिलींचे आणि नेहमीच्या काहिलींचे, दोन्हींचे नमुने मिळतील का? ऊस कुठल्या रानातला, कधी तोडला, खत किती, हे सगळं लिहून घ्यायला आवडेल.

शुक्रवारपेठेतली_मावशी
आईला माझा नमस्कार सांग. आणि तिला म्हणावं, अजून गणित कर.

अभ्यासिकेतला
प्रवेश परीक्षेच्या जुन्या प्रश्नपत्रिका आमच्या अभ्यासिकेत एकाकडं आहेत. व्यक्तिगत निरोपात कळव, पाठवतो.

साधा_माणूस_७७
आबांनी होय म्हटलं, मग आमचं काही म्हणणं नाही. नीट शीक.

गुऱ्हाळवाला_करवीर
नमुने पाहिजे तेवढे ने. खताचा हिशेब मुलगा लिहून ठेवतो, तो देईन. गुळव्याला सांगून ठेवतो, तो तुला त्याच्या शेजारी उभं राहू देईल, आणि त्याला प्रश्न विचारलेले आवडतात, फक्त गूळ उतरायच्या वेळी विचारू नको. एकच अट माझी. आमच्या गुळाचा आकडा चांगला येवो की वाईट, मला खरा सांगायचा, आणि आधी मला सांगायचा.

भोगावतीकाठची
आधी तुम्हालाच सांगेन काका. खरा.